माएनूच्या दगडांवरचं घर

फौमारावर लग्न ठरलं की आधी दगड काढतात, मग जेवणावळीचं बघतात. बेटच मुळी माणसांनी केलेलं. डासांना आणि डोंगरवाल्यांच्या भाल्यांना कंटाळलेल्या कुणा पूर्वजांनी मलाईताच्या मोठ्या बेटाच्या किनाऱ्यालगतच्या उथळ समुद्रात पोवळ्याचा एकेक दगड रचला आणि त्यावर झोपड्या बांधल्या. तेव्हापासून रीत तीच. ज्याला घर हवं त्याने तराफा घेऊन जावं, ओहोटीला दगड उपटावेत, बेटाच्या कडेला रचावेत, वर वाळू-खडी ठोकावी. बापाने ठेवलेली जमीन वाटून घ्यायची असं इथे नाही. ज्याने त्याने आपली जमीन पाण्यातून वर काढायची.

केझिया मात्र डोंगरातली. बेटावरच्या बायका मासे देतात आणि डोंगरातल्या बायका त्याबदल्यात अळूचे गड्डे देतात, त्या किनाऱ्यावरच्या बाजारात फौमाराच्या सिरिलने तिला पाहिलं. दोन्हीकडची माणसं एव्हाना एकाच चर्चमध्ये गात होती, म्हणून लग्न झालं. नाहीतर आजोबांच्या काळात या एका सोयरिकीवरून चार मुडदे पडले असते.

सासू दोर्का मनाने चांगली, पण जिभेला चुना जरा जास्तच लागलेला. पहिल्याच दिवशी म्हणाली, "काय गं डोंगरणी, होडीत अशी बसतेस, जशी काय झाडावर चढलीयेस. पोहता येतं का?"

"नाही, आई."

"मग बुडता तरी येतं का नीट? का तेही आम्हीच शिकवायचं?"

सगळी आळी हसली. केझियाही हसली. रात्री मात्र तिने उशीत तोंड खुपसून देवाला विचारलं, मला इथे कशाला आणलंस?

सिरिलच्या जागेचा एक कोपरा अजून भरायचा होता. तो भरायच्या आतच त्याला पलीकडच्या बेटावर नारळाच्या मळ्यात कामाला जावं लागलं. केझियाला दिवस गेले होते. सासूच्या घरात दोन दीर, त्यांच्या बायका, पोरंबाळं, पाय पसरायला जागा नाही. आपलं बाळ आपल्या घरात जन्मावं एवढंच तिला हवं होतं.

गोडं पाणी आणायला बायका रोज होडीने नदीच्या मुखाशी जात. परत येताना एकदा ओहोटीला केझियाला खारफुटीच्या कडेला दगडांचा एक ढीग दिसला. आयताच! भरती आली की तो पाण्याखाली जाई. डोंगरात ओढ्यातला दगड उचलणाऱ्याचा असतो, हेच तिला ठाऊक. दुसऱ्या दिवसापासून ती एकटीच, जरा उशिरा निघू लागली. कमरेला वेल बांधायची, वेलीचं दुसरं टोक होडीला, आणि छातीभर पाण्यात उतरून दगड चढवायचे. बेटावर कुणी विचारलंच तर म्हणायची, "तिकडून आणले." लोकांना वाटलं, दिरांनी काढून दिले असतील. दिरांना वाटलं, आईने कुणाला तरी सांगितलं असेल.

सिरिल परत आला तोवर कोपरा भरला होता. त्याने खडी ठोकली, खांब उभे केले, आणि मुलगी नव्या घरात जन्मली. केझियाने पहिल्यांदा देवाचे आभार मानले, तेही मोठ्याने.

आणि मग वर्षातली मोठी ओहोटी आली. माएनू म्हातारा आपल्या मुलासाठी, जोनाससाठी, वर्षानुवर्षं जमवलेले दगड बघायला गेला. ढीग गुडघ्याएवढासुद्धा उरला नव्हता.

तो सरळ सिरिलच्या दारात आला. कोपऱ्याच्या कडेवर हात फिरवला. "पोरी, हे कुठले?"

"खारफुटीपाशी पडले होते, बाबा. कुणाचेच नव्हते."

बाहेर कुणीतरी हसायला लागलं आणि एकदम गप्प झालं. दोर्काच्या हातातला मासा खाली पडला. फौमारावर कुणी ढीग टाकला की ती त्याच्या घराण्याची जमीन, मग पाण्याखाली असो नाहीतर वर. दुसऱ्याच्या ढिगाला हात लावणं म्हणजे त्याचं अंगण खणून नेणं. केझियाला हे कुणी सांगितलं नव्हतं, कारण हे सांगावं लागतं असं कुणाला वाटलंच नव्हतं.

रविवारी प्रार्थना झाल्यावर सगळे चर्चबाहेर सावलीत बसले. सिरिलचा चुलता तावातावाने बोलला. "डोंगरवाल्यांना किनारा दाखवला तर समुद्राचा तळ घेऊन जातील! कोपरा उकला, दगड परत द्या. आणि ते होईतोवर हिला माहेरी जाऊ द्या."

सिरिल मान खाली घालून बसला होता. कोपरा उकलला तर घर पडणार, आणि वाऱ्याचे दिवस तोंडावर. माहेरी पाठवलेली बायको परत येते असं बेटावर कुणी पाहिलं नव्हतं. केझियाने बाळाला छातीशी घट्ट धरलं. तिला वाटलं, आता उठायला सांगतील.

तेवढ्यात दोर्काच बोलली. "तिला शिकवायचं ते मी शिकवलं नाही. नुसती हसत बसले. तिला पाठवणार असाल तर मलाही चढवा त्या डोंगरावर. बघा, तिकडे माझ्या तोंडाला कोण पुरतं ते."

माएनूने सुपारी चघळत तिच्याकडे पाहिलं, मग केझियाकडे. "पोहता येत नाही म्हणे तुला?"

"नाही, बाबा."

"मग पाण्यात कशी उतरलीस?"

"कमरेला वेल बांधून."

"पोटात पोर असताना?"

माएनू मुलाकडे वळला. "ऐकलंस का रे जोनास? मी चार वर्षं म्हणतोय, बाबा रे, दगड काढ, दगड काढ. तुझी कंबर दुखते! हिच्या कमरेला वेल होती."

हसू फुटलं, पण म्हातारा हसला नाही. पिचकारी टाकून म्हणाला, "रचलेला दगड काढायचा नाही. त्यावर पोर जन्मलंय. माझी जमीन हिच्या घराखाली गेली, तर जमिनीबरोबर हीही माझ्याकडे आली. आजपासून माझी लेक. आणि लेकीने बापाचा ढीग भरून द्यायचा. ती, सिरिल आणि हा कंबरदुख्या, तिघांनी. चला, मला भूक लागलीय."

चुलता काहीतरी पुटपुटला. पण ज्याची जमीन तोच तसं म्हणाल्यावर कोण काय बोलणार?

केझियाला रडू आवरेना. दोर्का म्हणाली, "पुरे आता. तुझ्या रडण्याने भरती यायची. उद्या सकाळी पाण्यात ये माझ्याबरोबर. वेल घरी ठेवून ये."

ती पोहायला शिकली, तीही दोर्काच्या शिव्या खात. दोन वर्षांत ढीग भरला, त्या दगडांवर बेटाच्या कडेला जोनासचं घर उभं राहिलं. त्या दोन वर्षांत तराफ्यावर बसून जोनास बोलला जास्त आणि त्याने दगड काढले कमी, असं ती पुढे त्याच्या बायकोला सांगायची. बाजाराच्या दिवशी अळूचा पहिला गड्डा माएनूच्या चुलीवर जाई. डोंगरातल्या बायका एखाद वेळी रुसून बाजाराला आल्या नाहीत, तर तीच वर चढून त्यांना समजावून आणी. म्हातारा गेला तेव्हा लेकींच्या रांगेत ती बसली होती आणि कुणी तिला बाजूला हो म्हटलं नाही. नवं बाळ आलं की तिच्या घरात जेवणाआधीच्या प्रार्थनेत बाळाच्या नावाआधी माएनूचं नाव येई.

सिरिल वारला तेव्हा केझियाचे केस पांढरे झाले होते. मुली लग्न होऊन दुसऱ्या बेटांवर गेलेल्या. तिचा भाऊ फियू डोंगरातून उतरला, दोन दिवस राहिला, आणि तिसऱ्या दिवशी त्याने विषय काढला.

"चल गं वर. बापाचा मळा आहे, ओढा आहे. इथे काय राहिलंय तुझं? भरतीचं पाणी दर वर्षी दाराशी येतंय. मेलेल्या माणसाच्या दगडांवर एकटीने राहायचं?"

केझिया मासा साफ करत होती. "मला एकदा इथून वर पाठवणार होते, माहीत आहे ना तुला?"

"म्हणूनच तर म्हणतोय."

"तेव्हा ज्याने ठेवून घेतलं, त्याला काय सांगू? की आता भाऊ बोलावतोय म्हणून निघाले?" तिने मासा धुतला. "पाणी दाराशी येतं, तर आणखी एक थर चढवू. चढवतोच आम्ही."

"कोण चढवणार? तू?"

एवढ्यात बाहेरून हाक आली. जोनास उभा होता, स्वतःही म्हातारा झालेला, एक हात कमरेवर, दुसऱ्या हातात दोन फडफडते पोपटमासे. "ताई, हे घे. आणि पाहुण्याला विचार, उद्या ओहोटीला तराफ्यावर येतोस का म्हणावं. तुझ्या कोपऱ्याला दगड लागणारेत."

फियू बहिणीकडे बघत राहिला. "हा कोण गं?"

"माझा भाऊ," केझिया म्हणाली, आणि मासे कापायची फळी पुढे ओढली. "थांब उद्याचा दिवस. पाणी फार खोल नाही तिथे."