धोंडूमामांचा गाऱ्हाण्याचा पंप

घाटकोपरच्या डोंगरावरच्या आमच्या रामेश्वर चाळीत स्वतःला हुशार समजणारी माणसं दोन. एक धोंडूमामा राऊळ आणि दुसरा मी, मधुकर. दोघांतला खरा हुशार कोण, ते शहाऐंशी सालच्या मार्चमध्ये एका रविवारी सगळ्या चाळीसमोर ठरलं. मला ते अजून थोडं झोंबतं.

मामा सोळा वर्षं मिलमध्ये साच्यांवर, म्हणजे कापड विणायच्या मागांवर होते. संपानंतर मिल बंद पडली तेव्हा अंधेरीच्या एका कारखान्यात फिटर म्हणून लागले, पण डोक्यातला साचा काही थांबला नाही. साच्याला कान असतात, हे त्यांचं ठाम मत. आडवं सूत घेऊन इकडून तिकडे पळणारा लाकडी धोटा ते मिलमधून आठवण म्हणून घेऊन आले होते आणि माळ्यावर देवासारखा जपून ठेवला होता. "भजन म्हटला काय धोटो जोरान धावायचो," ते सांगत. "गाळी घातल्या काय सूत तुटायचा." आम्ही हसायचो. मी जरा जास्तच हसायचो, कारण मी बी. ए. होतो.

चाळीचा नळ डोंगराच्या पायथ्याशी. तिथून वर एकशे अकरा पायऱ्या. एवढ्या उंचीवर पाणी चढणं शक्य नव्हतं, त्यामुळे बायका हंडे वाहत. सत्तराव्या पायरीवर सुगंधामामींचा पाय घसरला आणि मोडला. हाड जुळलं, पण पाय आखडला तो आखडलाच. त्यात त्यांची लेक सुलक्षणा पहिलटकरीण. पहिलं बाळंतपण माहेरी व्हायचं, पण बोरिवलीच्या सासरच्यांनी स्पष्ट सांगितलं, "घरात पाणी नाही, आईचा पाय असा. बाळंतिणीचं करणार कोण? इथंच होऊ दे." माणसं वाईट नव्हती, बोलत होती ते खरंच होतं. म्हणूनच मामी दोन दिवस रडल्या. मामा रडले नाहीत. त्यांनी माळ्यावरून धोटा खाली काढला.

तीन महिने खटपट चालली. एका पितळी नळीत धोटा बसवला. नळीच्या तोंडावर तांब्याचं घंगाळ, त्यावर पखवाजासारखं ताणलेलं कातडं, आणि कातड्यापासून धोट्यापर्यंत पिळलेलं सूत. विजेची तार नाही, डिझेल नाही, माणसाच्या आवाजावर पाणी चढवायचं. तो प्रकार नुसत्या आवाजाने काही केल्या हलेना. मामांनी भजनं म्हटली, आरत्या म्हटल्या, एकदा तर कंटाळून पाढेही म्हटले. शेवटी वैतागून त्यांनी रामेश्वराला गाऱ्हाणंच घातलं. आमच्या कोकणात देवापुढे गाऱ्हाणं घालतात. एकाने देवाला काय ते सांगायचं आणि वाक्यावाक्याला बाकीच्यांनी "होय म्हाराजा" म्हणायचं. मामांनी गाऱ्हाणं घातलं, खाटेवरून मामी सवयीने म्हणाल्या, "होय म्हाराजा." आणि धोटा पळाला! बादलीतलं पाणी हातभर वर चढलं.

एका होकाराला हातभर पाणी. मग सगळ्या चाळीचा होकार मिळाला तर? हिशेब सोपा होता. मामांनी वर शेवटच्या पायरीवर टाकी बसवली, नळापासून तिथवर पाइप टाकला आणि पाणीखात्याच्या प्रधानसाहेबांना बोलावलं. साहेब मोकळ्या मनाचा माणूस. म्हणाला, "चाललं तर नळाला जोड कायम. नाही चाललं तर त्याच दिवशी काढायचं."

आता इथं माझी अक्कल आडवी आली. चाळीचे सगळे अर्ज मी लिहायचो. मी मामांना म्हटलं, "मामा, एवढा मोठा साहेब येणार, त्याच्यासमोर आपलं मालवणी बरं दिसेल का? मी व्यवस्थित लिहून देतो." आणि दिलं की! फुलस्केप कागदावर, समास सोडून.

रविवारी सकाळी पायथ्याशी सगळी चाळ जमली. मामा इस्त्रीचा सदरा घालून, कागद हातात धरून वाचू लागले. "श्री देव रामेश्वर यांचे चरणी सविनय सादर. विनंती विशेष अशी की, सदर चाळीतील रहिवाशांस..."

होय कुठे म्हणायचं तेच कुणाला कळेना. मागून कुणीतरी शाळेतल्यासारखं "हजर" म्हणालं. धोटा ढिम्म. मामांनी दुसऱ्यांदा वाचलं, तिसऱ्यांदा वाचलं. वाट लागली. साहेबांनी घड्याळ पाहिलं आणि हळूच म्हणाले, "राऊळ, वाईट वाटून घेऊ नका. जोड काढू या." मामांचा चेहरा बघवेना. मला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं होतं.

तेवढ्यात काठीचा आवाज आला. सुगंधामामी एकशे अकरा पायऱ्या उतरून आल्या होत्या. त्यांनी मामांच्या हातातला कागद घेतला, माझ्या हातात दिला आणि घंगाळापुढे उभ्या राहिल्या. गाऱ्हाणं पुरुषांनीच घालायचं, असा आमचा रिवाज. त्या दिवशी तो कुणाला आठवला नाही.

"बा देवा म्हाराजा! आज ही तुझी लेकरां नळाकडे उभी आसत!"

"होय म्हाराजा!" दोन-चार बायका म्हणाल्या. कातडं थरथरलं.

"ह्या हंड्यान माजो पाय मोडल्यान!"

"होय म्हाराजा!" आता सगळ्या बायका.

"माज्या घोवान तीन म्हयने खटपट केल्यान, लोकांनी तेका येडो ठरवल्यानी!"

"होय म्हाराजा!"

"हो मधू खूप शिकलो, पण अक्कल तू तेका वायच कमीच दिलंस!"

"होय म्हाराजा!!" एवढा मोठा होकार त्या डोंगराने कधी ऐकला नसेल. मीही म्हणालो. धोटा सुटला तो खटखट खटखट, मिल चालू झाल्यासारखा.

मामींनी काठी बगलेत धरून हात जोडले. "माजी लेक पयल्या बाळंतपणाक घराक येवची आसा. पाणी वर चढव आणि तिका सुखरूप मोकळी कर रे म्हाराजा!"

"होय म्हाराजा!"

वरून ओरडा ऐकू आला. "इला! पाणी इला!" एकशे अकराव्या पायरीवरची टाकी भरत होती. प्रधानसाहेब टोपी काढून उभे होते, आणि मामा, ज्यांना मी कधी रडताना पाहिलं नव्हतं, ते नळाला टेकून हमसून हमसून रडत होते. मी जाऊन त्यांचे पाय धरले. मामा म्हणाले, "ऊठ रे, तुझो कागद झकास होतो. देवाक वाचूक येत नाय, इतक्याच."

दुसऱ्याच दिवशी प्रधानसाहेबांनी जोड कायम केली आणि आठवड्याच्या आत सुलक्षणा माहेरी आली. एप्रिलमध्ये तिला मुलगी झाली. मामींनी आखडलेला पाय लांब करून, नातीला पायांवर घेऊन पहिली आंघोळ घातली. अंगावर पाणी पडताच पोरीने जे भोकाड पसरलं, ते खाली पायथ्यापर्यंत गेलं असावं. कारण कुणीही गाऱ्हाणं घातलेलं नसताना खाली धोटा खटखट चालू झाला आणि भरलेली टाकी ओसंडून वाहू लागली.

दारात उभ्या असलेल्या धोंडूमामांनी नातीला हात जोडले आणि म्हणाले, "होय म्हाराजा."