नारिंगी लोणी

माझ्या हातून आयुष्यात एकदाच कॉकटेल झालं, तेही बिनदारूचं, आणि त्याचं लोणी निघालं. घरात दर लग्नसराईत ही गोष्ट कुणीतरी काढतंच. म्हणून हल्ली मीच ती आधी सांगून टाकतो. निदान किती हसायचं ते माझ्या हातात राहतं.

मी तेव्हा वेल्ह्यात कारकून होतो. कचेरीत माझी ख्याती अशी, की जागेवर जाऊन बघितल्याशिवाय मी एका ओळीचा अहवाल लिहीत नसे. ही शिस्त घरच्या कामांना मात्र लागू नव्हती. उत्रोलीला माझ्या सासऱ्यांकडं धाकट्या मुलीसाठी स्थळ आलं. मुलगा गोव्याला हॉटेलात नोकरीला. सासऱ्यांनी थोरला जावई म्हणून चौकशी माझ्यावर सोपवली. गोवा लांब. रजा शिल्लक नव्हती. म्हणजे होती, पण मला ती दिवाळीला हवी होती. मुलगा गावाकडं आला तेव्हा कामथडीच्या फाट्यावर भेटलो, चहा प्यालो, बोलायला सरळ वाटला. घरी येऊन फुलस्केप कागदावर लिहिलं : ‘समक्ष चौकशी केली. मुलगा वाढप्यांवर देखरेख करतो. वर्तणूक समाधानकारक.’ खाली सही. देखरेखीचं मी कुठून आणलं, मला आजही सांगता येणार नाही. वाक्य तिथं येऊन अडकलं होतं, त्याला पुढं ढकलायला काहीतरी हवं होतं.

सासऱ्यांनी तो कागद देवाच्या फळीवर ठेवला आणि लग्न झालं.

गुढीपाडव्याला मेहुणी माहेरी आली आणि तिच्या मागोमाग नवऱ्याचं पत्र आलं, आत एक फोटो. पांढरा सदरा, गळ्याला काळा बो, हातात चकचकीत डबा, आणि मागं छतापर्यंत बाटल्या. खोबरेल तेलाच्या नव्हेत. सासऱ्यांच्या गळ्यात माळ. त्यांनी फोटो दोनदा बघितला, पालथा घातला आणि सांगितलं, "पोरगी जायची न्हाई."

दोन महिने ती गेली नाही. नवऱ्याची पत्रं यायची, ती वाचून उशीखाली ठेवायची आणि तांदूळ निवडत बसायची. मला कुणी काही बोललं नाही. बायको बोलली, पण ते आमच्यात.

त्या साली अधिक महिना ज्येष्ठात आला. धोंड्याच्या महिन्यात जावयाला बोलावून तेहतीस अनारशांचं वाण द्यायचं असतं. एका जावयाला बोलावलं आणि दुसऱ्याला नाही, तर गावाला दुसरं काही सांगायची गरज उरत नाही. म्हणून दोघांनाही निरोप गेले. त्या एका दिवसात काय ते ठरणार होतं : साडू एकटा परत जाणार, की बायकोला घेऊन. आणि सासऱ्यांनी निरोपाबरोबरच सांगून ठेवलं होतं, "वाण दीन. जेवू घालीन. पर ह्या घरात त्यांनी पेल्याला हात लावायचा न्हाई."

युक्ती माझी होती. साडू पेल्यात काय करतो ते सासऱ्यांनी कधी बघितलेलंच नाही, त्यांना वाटतं हातभट्टीच. मग बघू देत की. दारू तेवढी वगळून बाकी सगळं करून पुढं ठेवायचं. भोरच्या स्टँडवर साडूला गाठलं आणि त्याच्याकडून एका पाकिटाच्या पाठीवर कृती उतरवून घेतली. संत्र्याचा रस, साय, बर्फ, हे बंद डब्यात हलवायचं. मग व्हॅनिला आइस्क्रीम.

"किती हलवायचं?"

"दहा-बारा वेळा, दाजी. जास्त नाही."

"आणि ती वस्तू?"

"ती राहू द्या." तो हसला नाही. "दाजी, मीच करतो की."

"तू ओटीवर बसायचं. पेल्याला हात नाही."

संत्री त्या दिवसांत नव्हती, तेव्हा स्क्वॅशची बाटली घेतली. स्टँडसमोरचे आइस्क्रीमवाले चाचा म्हणाले, "धोंड्याला आइस्क्रीम? एवढे लाडाचे जावई?" मी म्हटलं, एक आहे, दुसऱ्याचं आज कळेल. त्यांनी स्टीलच्या बरणीत आइस्क्रीम भरलं, बरणी बर्फाच्या बादलीत बसवली, भोवती भाताचं तूस दाबलं आणि वर ओलं गोणपाट. ही बादली मांडीवर घेऊन मी टेम्पोतून उत्रोलीला गेलो. साडूच्या हातात फक्त त्याची पिशवी. बघणाऱ्याला वाटलं असेल, नवा जावई मीच.

जेवणं झाली. पुरणाचे धोंडे सासूबाईंनी आग्रह करकरून वाढले. सासरे साडूशी चार शब्द बोलले, त्यातले दोन ‘घ्या घ्या’ होते. मग ते दोघं ओटीवर जाऊन एकाच दिशेला बघत बसले आणि मी स्वयंपाकघरात शिरलो.

साय कुठून आणायची हा विचार मी केलाच नव्हता, कारण सासरी दोन म्हशी. फळीवर एक गाडगं होतं, त्यात काठोकाठ साय. सासूबाई मागल्या दारी भांडी घासत होत्या. मी चार पळ्या उपसल्या. ती आठवड्याची साठवलेली साय होती, विरजण लावलेली, दुसऱ्या दिवशी घुसळायची. हे घरातल्या मांजरालाही ठाऊक असणार. मला माहीत असायचं कारण नव्हतं. मी तूप फक्त पोळीवर बघितलेलं.

कडीच्या डब्यात साय, स्क्वॅश, बर्फ घातलं, झाकण लावलं आणि हलवायला लागलो. दहा-बारा वेळा झाल्यावर उघडून बघितलं, तर जरा फुटल्यासारखं दिसत होतं. मला वाटलं, हात कमी पडला. मग मी मन लावून हलवलं. कचेरीत माझ्याबद्दल हेच म्हणत, की धरलं की सोडत नाही. खांदा भरून आला तसा आतला आवाज बदलला. खळखळ थांबली आणि धप्प, धप्प असं वाजायला लागलं.

"अहो, काय करताय?" आदल्या दिवशीच माहेरी आलेली बायको दारात उभी. तिनं डबा घेतला, उघडला, आत बोट घालून बघितलं आणि आईला हाक मारली.

सासूबाई ओल्या हातांनी आल्या. डब्यात पिवळसर पाण्यावर नारिंगी रंगाचा एक गोळा तरंगत होता. त्यांनी तो तळहातावर घेतला, दाबला, पाणी काढलं. हाताला सवय होती. मग मात्र त्या मटकन खाली बसल्या आणि तोंडाला पदर लावला.

"अवं, थोरल्या जावयानी लोणी काढलं!" त्या ओटीकडं ओरडल्या. "धोंड्याच्या दिशी! केशरी लोणी!"

सासरे आत आले, मागं साडू. सासऱ्यांनी गोळ्याकडं बघितलं, माझ्याकडं बघितलं आणि पहिल्यांदाच धाकट्या जावयाला आपण होऊन काही विचारलं.

"तुमचं बी असंच असतं का?"

"नाही, मामा. हे लोणी झालं."

"मग कसं असतं?"

साडू जागचा हलला नाही. "पेला घ्यावा लागेल," तो म्हणाला.

सासऱ्यांनी पाट ओढून घेतला. "घ्या."

त्यानं मोरीत जाऊन कोपरापर्यंत हात धुतले. सासूबाईंना विचारून सकाळच्या दुधावरची ताजी साय घेतली. स्क्वॅश झाकणानं मोजला, बाटलीचं तोंड फडक्यानं पुसलं आणि झाकण लगेच परत लावलं. डबा दोन हातांत धरून खांद्यापाशी हलवला, बारा वेळा, मी मोजले. काचेचे पेले घरात दोनच होते. त्यांत ते फिकं केशरी ओतलं, वर चमच्याच्या पाठीवरून आइस्क्रीम हलकेच सोडलं. जमिनीवर एक थेंब नाही. माझ्या बाजूला तोवर मुंग्या आल्या होत्या.

सासरे पाटावर बसून हे सगळं बघत होते, एरवी सुताराचं काम बघत तसे.

"ह्यात दारू कुठं असती?" त्यांनी विचारलं.

मी घाईनं म्हणालो, "मामा, ह्यात अजिबात..."

"तुमास्नी न्हाई इचारलं."

साडूनं पेल्याला बोट लावून दाखवलं. "रसानंतर, सायीच्या आधी. एवढी."

"तुमी पिता?"

"जिभेवर घेऊन बघावी लागते. मग थुंकतो." त्यानं चमचा पुसून ठेवला. "वर्षातनं एक-दोनदा थुंकत नाही."

बायकोनं डोळे मिटले. सासूबाई लोण्याचा गोळा वाटीत ठेवायला निघाल्या होत्या, त्या तशाच उभ्या राहिल्या.

सासरे साडूला म्हणाले, "थोरले तर म्हनले, देखरेख करता. तिकडं येऊन बघून गेले म्हनं."

साडूनं माझ्याकडं बघितलं. मी मान हलवून त्याला मोकळीक दिली, असं मी सांगत आलोय. खरं तर मी मुंग्यांकडं बघत होतो.

"दाजी तिकडं आले नव्हते, मामा."

सासरे धाकट्या मुलीकडं वळले. ती दाराला टेकून उभी होती. "तुला ठावं हुतं?"

"लग्नाच्या दुसऱ्याच दिवशी सांगितलं त्यांनी."

"मग मला कुनी सांगायचं?"

"तुमी कुटं इचारलं, दादा? दाजींचा कागद फळीवर हुता, त्योच वाचीत हुता." मग ती आणखी हळू म्हणाली, "मला जायचंय."

सासऱ्यांनी पेला उचलला. आइस्क्रीम विरघळून कडेनं उतरायला लागलं होतं. त्यांनी तो मुलीपुढं धरला. "तू हितंच हुतीस. काय न्हाई ना ह्यात?"

"न्हाई."

त्यांनी अर्धा पेला संपवला, मिशा पुसल्या आणि म्हणाले, "लई ग्वाड हाय." उरलेला तिला दिला. मग माझ्याकडं वळले. "पोरगी जाईल. पर तुमीबी संगं जायचं. ऱ्हायची जागा, कामाची जागा, समदं डोळ्यांनी बघायचं आन मग लिवायचं. शिलकीत रजा आसंलच तुमची."

रजा होती.

दोघांच्या वाणाच्या ताटात तेहतीस-तेहतीस अनारसे होते. माझ्या ताटात सासूबाईंनी लोण्याची वाटी जास्तीची ठेवली. ते लोणी कडवलं तेव्हा तूपही किंचित आंबटगोड झालं, असं बायको सांगते. मी खाल्लं नाही.

दिवाळीसाठी राखलेल्या रजेतले चार दिवस मी गोव्यात घातले. तिथून सासऱ्यांना आंतरदेशीय पत्र लिहिलं. खोली एकच, पण हवेशीर. नळाला सकाळी तासभर पाणी. घरमालकीण म्हातारी आहे, तापट आहे, मनानं बरी वाटली. कामाची जागा स्वच्छ; बाटल्या फोटोत दिसतात त्याहून जास्त. साडूवर तिथल्या कुणाची देखरेख नाही आणि त्याचीही कुणावर नाही. पत्र घडी घालण्याआधी शेवटची ओळ लिहावी की नाही म्हणून बराच वेळ पेन हातात धरून बसलो. मग लिहिली : ‘ते पेय मी तिथं एक पेला प्यालो. त्यात ती वस्तू होती.’

आठवड्यानं वेल्ह्याला, घरच्या नव्हे तर कचेरीच्या पत्त्यावर, सासऱ्यांचं कार्ड आलं. एरवी ते दुसऱ्या कुणाकडून लिहवून घेत. हे स्वतःच्या हातचं होतं, दोन ओळींचं. ‘पत्र पावलं. मागला कागद चुलीत घातला, हा फळीवर ठेवला आहे. शेवटची ओळ घरात वाचून दाखवली नाही.’