अक्काची पिशवी

“दोन लेकरं झाली ना? मग पिशवीचं काय लोणचं घालायचंय?”

डॉक्टरांनी माझ्या थोरल्या बहिणीला विचारलं. शहरातल्या उस्मानपुऱ्यातला दवाखाना. दार सताड उघडं. बाहेर बाकावरची माणसं हसली. अक्कानं पदर तोंडाला लावला.

अक्का अठ्ठावीस वर्षांची. अंगावरून लई जायचं, म्हणून आमच्या गावाहून, करमाडहून, एसटीनं आलो होतो. मी कॉलेजात होते. धीर करून विचारलं, “गोळ्यांनी थांबणार नाय का?”

“शेण काढणाऱ्यांनी मला शिकवायचं? नाही काढली तर कॅन्सर होईल. घेऊन जा मग.”

मी गप्प बसले. अक्कानं अंगठा दिला. तिसऱ्या दिवशी गर्भाची पिशवी काढली.

नंतर अक्का सुकतच गेली. उभ्या उभ्या घामानं भिजायची. तिशीतच हाडं दुखायला लागली. भाकरी थापतानाही खाली बसवत नव्हतं.

मी पुढं माहितीपट लिहायला लागले. एकदा विषय आला, डॉक्टरांचे निदानावरचे वाद. मी अक्काचे जुने कागद काढले. त्याच शहरातल्या गारखेडा भागातल्या एका डॉक्टरबाईंना दाखवले. त्यांनी दोनदा वाचले.

“कॅन्सरचं काहीच नव्हतं. आधी औषधं द्यायला हवी होती. आणि पिशवीबरोबर अंडाशयंही काढलीत, म्हणून तो घाम आणि हाडांचं दुखणं. माहिती होतं तुम्हाला?”

नव्हतं. कुणी सांगितलंच नव्हतं.

“कॅमेऱ्यासमोर बोलाल?” मी विचारलं.

त्यांनी फाईल मिटून माझ्याकडं सरकवली. “मला याच शहरात काम करायचंय.”

करमाडला जाऊन अक्काला सगळं सांगितलं. ती तांदूळ निवडत होती. हात थांबला.

“म्हंजे चांगलीच व्हती का गं?”

मी मान हलवली. ती पुन्हा खडे वेचायला लागली.

माहितीपटाचा निर्माता म्हणाला, “डॉक्टरबाई बोलत नाहीत, तर बहिणीचं कापून टाक. नुसती खेड्यातली रडारड. लोक चॅनल बदलतील.”

उस्मानपुऱ्यात गप्प बसले होते. इथं नाय बसले. म्हणाले, “अक्का नाय, तर माझं लिखाण पण नाय.”

त्यानं दुसरा लेखक घेतला. माहितीपट लागला. त्यात पाच डॉक्टर बोलले. जिची पिशवी काढली अशी बाई एकही नाय.

अक्काची हाडं आता भरून येणार नायत. मी काय करू शकत नाय. पण कागद माझ्याकडं हायेत. उस्मानपुऱ्यातल्या त्या डॉक्टराच्या नावासकट सगळं लिहितेय. कोर्टात खेचलं तर जाईन. एक ओळ मागं घेणार नाय.