कोष न विणणाऱ्या अळ्या

बाबांना सगळे अळीमास्तर म्हणायचे. शाळेत त्यांनी एक दिवसही शिकवलं नव्हतं, पण रेशमाच्या अळ्यांविषयी कुणी चुकीचं बोललं की हातातलं काम टाकून त्यांची शिकवणी सुरू. समोरच्याला कितीही घाई असली तरी सुटका नसे. आई म्हणायची, "यांचं लग्न अळ्यांशीच व्हायचं, चुकून माझ्याशी झालं."

मी सहा वर्षांची असताना त्यांनी मलाही धरून बसवलं होतं. "अळीच्या अंगात दोन संप्रेरकं असतात. एक म्हणतं, कात टाक. दुसरं म्हणतं, टाक, पण अळीच राहा. हे दुसरं थांबलं की ती खाणं सोडते आणि कोष विणते." चौथी कात टाकल्यावर तिसऱ्या दिवशी त्या दुसऱ्याच्याच जातीचं औषध फवारायचं. अगदी थोडं, आणि एकदाच. अळी एखादा दिवस जास्त खाते, कोष जाड होतो. प्रमाण चुकलं तर मात्र ती खातच राहते आणि कोष न विणता मरते. चाळीस वर्षांत बाबांच्या हातून प्रमाण चुकलं नव्हतं.

आई गेल्यापासून ते एकटेच राहत. "मास्तर विसरायला लागलेत गं," असं शेजारच्या काकू फोनवर म्हणाल्या, तेव्हा मी त्यांच्यावरच चिडले. चष्मा कोण विसरत नाही? तरी पंधरा दिवसांसाठी आले. बाबा एकटे राहू शकतात हे बघून मला निश्चिंतपणे परत जायचं होतं. खरं सांगायचं तर, तेच बघायचं असं ठरवूनच आले होते. दिवसभर घरात बसून ऑफिसचं काम करायचे. अळ्यांच्या शेडकडे फिरकलेसुद्धा नाही.

काकूंनी आमच्याबरोबरच आणलेल्या अळ्या कोष विणायला लागल्या. आमच्या खातच होत्या, फुगून बोटाएवढ्या जाड झालेल्या. मी आल्याच्या अकराव्या दिवशी शेडमधली नोंदींची वही उघडली. तिसरा दिवस, फवारणी केली. चौथा दिवस, फवारणी केली. पाचवा दिवस, फवारणी केली. तिन्ही ओळी त्यांच्याच मोत्यासारख्या अक्षरात.

तेवढ्यात बाबा आले. एक अळी तळहातावर घेऊन त्यांनी उजेडात धरली.

"हिला औषध जास्त झालंय," ते म्हणाले. "कुणी मारलं?"

"मी," मी म्हणाले. "तुम्ही मारलेलं मला माहीत नव्हतं."

"इतकी वर्षं शिकवलं, सगळं पालथ्या घड्यावर पाणी. न विचारता हात लावायचाच कशाला?"

मी मान खाली घालून ऐकत राहिले. ते रागावत होते तोवर मला बरं वाटत होतं. मग नोंद कशी बघायची ते दाखवायला त्यांनी माझ्या हातातली वही ओढून घेतली. त्यांचं बोट ओळीवरून खाली आलं, थांबलं, परत वर गेलं. मला हंबरडा फोडावासा वाटत होता.

वही मिटून त्यांनी माझ्या हातात दिली.

"काकू विचारतील," ते हळूच म्हणाले. "त्यांना सांग, तूच मारलंस म्हणून."