डुकरं हाकायला आम्ही

"पारध्याच्या बाईला बंदूक पायजे," हवालदारानं माझा अर्ज हातात धरून सगळ्या ठाण्याला ऐकू जाईल असं सांगितलं. मग माझ्याकडे वळून म्हणाला, "तुमच्यात लायसन कवापासून काढायला लागले गं?"

सगळे हसले. टेबलामागचा शिपाई हसला. पासपोर्टच्या चौकशीला आलेला चांगल्या घरचा एक पोरगा हसला. दारू पिऊन दंगा केला म्हणून बसवून ठेवलेला एक जण होता, तोही हसला. माझ्यापेक्षा आपण वरचे, असं त्यालाही वाटलं असणार.

हवालदारानं भिंतीकडे बोट केलं. "बस तिथं."

समोर दोन खुर्च्या रिकाम्या होत्या. ती भिंत मला चांगली ठाऊक. लहानपणी आईबरोबर मी तिथं कितीदा बसले आहे. तालुक्यात कुठंही घर फुटलं की माझ्या बापाला उचलायचे. चोर सापडला की सोडायचे. नाही सापडला तरी सोडायचेच, पण चालता येणार नाही असा करून. त्या दिवशीही माझे गुडघे आपोआप दुमडले. अर्ज द्यायला आलेली बाई संशयितांच्या जागी बसली.

बंदूक कशाला हवी ते आता सांगते, कारण ठाण्यात ते कुणी विचारलंच नाही. पारनेरच्या बाजूला डोंगराच्या पायथ्याशी आमचं तीन एकर रान आहे. सासऱ्यांनी दगड वेचून केलेलं. त्यात भुईमूग, बाजरी, थोडी तूर. डोंगरातून रानडुकरं उतरतात आणि भुईमुगाचा वाफा मुळापासून उकरून जातात. मागच्या हंगामात माझा नवरा त्यांना हाकायला गेला, तर एकानं त्याची मांडी फाडली. आता तो खाटेवरून दारापर्यंत जातो, तेही भिंत धरून. राखण माझ्यावर आली. मी डबा वाजवते, फटाके लावते. डुकरांना दोन्हींची सवय झाली आहे. पिकाच्या राखणीसाठी शेतकऱ्याला बंदुकीचा परवाना मागता येतो, हे मला बचत गटातल्या एका बाईनं सांगितलं. सातबाऱ्यावर माझं नाव आहे. म्हणजे मी शेतकरी. मला तेवढं पुरेसं वाटलं.

मग हवालदार घरी चौकशीला आला. "बंदूक ठिवायला जागा बराबर हाय का बगायचंय," म्हणाला आणि बाजरीची कणगी जमिनीवर उपडी केली. पेटी उघडली. अंथरुणं झटकली. माझ्या गळ्यातल्या डोरल्याकडे बोट करून म्हणाला, "ह्याची पावती?"

वावरात तो गेला नाही. नवऱ्याच्या मांडीकडे त्यानं पाहिलंसुद्धा नाही. तिथून तो सरळ अण्णांच्या बंगल्यावर गेला. अर्जदाराची वागणूक कशी आहे, हे गावातल्या प्रतिष्ठित माणसाला विचारावं लागतं म्हणे. मलाही मागोमाग बोलावलं आणि गोठ्याजवळ उभं केलं.

अण्णा म्हणजे आमचे माजी सरपंच. गावात सगळे त्यांना मानतात. का मानतात, हे मी बरीच वर्षं शोधते आहे. त्यांच्याकडे वडिलांपासूनची दोननळी बंदूक आहे. दसऱ्याला तिला झेंडूची माळ घालतात, लग्नाच्या वरातीत तिचे बार काढतात, आणि त्यांचा पोरगा ती खांद्यावर टाकून मोबाईलवर फोटो टाकतो. डुकरानं ती बंदूक कधी पाहिलेली नाही. कारण अण्णांच्या पिकात डुकरं शिरली की आम्हाला निरोप यायचा. आधी सासरे जायचे, मग नवरा आणि दीर. फासे घेऊन, कुत्री घेऊन. फास लावून शिकार करणं गुन्हा, पण तेव्हा कायदा कुठं झोपायचा, देव जाणे. आमची माणसं चिखलात आणि अण्णा माडीवर टॉर्च धरून.

त्या दिवशी चहाची बशी हातात घेऊन अण्णा हवालदाराला म्हणाले, "बाई कष्टाळू हाय, तक्रार न्हाई. पन सायेब, जात बगाया पायजे ना."

मी दहा पावलांवर उभी होते. हळू बोलायचीही त्यांना गरज वाटली नाही.

त्याच आठवड्यात अण्णांच्या मक्यात डुकरं शिरली. गडी मोटारसायकलवर आला. "अण्णांनी तुझ्या दिराला बोलावलंय. फासे घिऊन ये म्हनले." दीर उठला. खुंटीवरचा दोर त्यानं काढलाही होता. मी म्हणाले, "ठिवा भावजी तो दोर." त्यानं ठेवला. गोठ्याजवळ काय ऐकलं ते मी त्याला सांगितलं होतं.

मग अण्णा स्वतः आले. बांधापर्यंत गाडी आणली, खाली उतरले नाहीत. काच खाली केली.

"मानसं पाठव. मका आडवा झालाय."

"न्हाई पाठवत."

"लई माज आला का गं?"

"जात बगाया पायजे ना अण्णा. मक्यातनं काय गेलं तर हवालदार आमच्याच घरी येनार."

त्यांना त्यांचंच वाक्य ओळखायला थोडा वेळ लागला. तोंड लाल झालं. "डुकरं तुझ्याबी रानात येत्याल," म्हणाले आणि काच वर केली.

आलीच. अंधार पडताना अण्णांच्या बाजूनं दोन बार ऐकू आले. वरातीत काढतात तसेच असणार, आभाळात. बिथरलेली डुकरं बांध ओलांडून आमच्या वावरात घुसली. मी डबा बडवत राहिले. सकाळी निम्मा भुईमूग उकरलेला होता. नवरा खाटेवरून म्हणाला, "भावाला पाठवलं असतंस तर वाचला असता." खरं होतं ते. मी बांधावर बसून रडले. पण ठाण्यातल्या भिंतीशी बसताना वाटली होती तशी लाज वाटली नाही.

अर्ज नामंजूर झाल्याचं मला नगरला, कलेक्टर कचेरीत, तोंडी कळलं. कारकून म्हणाला, "मावशी, झालं ते झालं. आता घरी जा."

मी समोरची खुर्ची ओढली आणि बसले. "कारण लिहून द्या."

"कारण तुम्हाला माहितीये की."

"मला माहितीये. तुमच्या सहीनं पायजे."

त्यानं शेजारच्या टेबलाकडे पाहिलं. या वेळी कुणी हसलं नाही. पुढच्या आठवड्यात या, म्हणाला.

मी जाणार आहे. तो आठवडा नाही, तर त्याच्या पुढचा. माझी जात त्यांना ठाण्यात ओरडून सांगता येते, चहा पिताना बोलता येते. तीच कागदावर लिहून खाली सही करायची म्हटलं की पेनातली शाई संपते. मी त्यांना ती लिहायला लावणार आहे. तो कागद घेऊन नाशिकला आयुक्तांकडे अपील करणार आहे, आणि तिथंही त्यांनी भिंत दाखवली तर खुर्चीवरच बसणार आहे.

परवाना मिळेपर्यंत माझ्या रानात मी डबा वाजवीन. अण्णांच्या मक्यात मात्र आमच्यातलं कुणी उतरणार नाही. त्यांच्याकडे बंदूक आहे.