खोलीच्या आवाजाचं एक मिनिट

पूर्व जर्मनीतल्या एका गावावर मी माहितीपट करत होतो. तरुण माणसं कामासाठी पश्चिमेकडे निघून गेलेली, मागे म्हातारी उरलेली. माझी आई पुण्यात एकटी आणि मी परक्यांच्या आया चित्रित करत हिंडतोय, हे मला कळत होतं. तरी हिंडत होतो.

तिथे एक निवृत्त शिक्षिका भेटल्या. मुलाखतभर हसतमुख होत्या. मुलगा फोन करतो, शेजार चांगला आहे, एकटं मुळीच वाटत नाही, म्हणाल्या. मुलाखत संपली की आम्ही एक मिनिट नुसत्या खोलीचा आवाज घेतो. संकलनात सांधे झाकायला तो लागतो. त्या मिनिटात कुणी हलायचं नाही, बोलायचं नाही. मी त्यांना म्हणालो, "आता कॅमेरा बंद आहे, फक्त आवाज घेतोय."

कॅमेरा चालू होता. मी तो मुद्दाम चालू ठेवला होता.

वेल्समधल्या कार्डिफला घरी आल्यावर ते मिनिट मी किती वेळा पाहिलं कोण जाणे. बाहेर सीगल पक्षी ओरडायचे, हेडफोनमध्ये त्या बाईंच्या फ्रिजची घरघर. दुपार कलायची आणि आपण कुठल्या घरात बसलोय हेच कळेनासं व्हायचं. पाणी ओसरावं तसं त्यांचं हसू हळूहळू उतरतं. मग त्या कुठेच पाहत नाहीत. कधी तो चेहरा आईचा वाटायचा, कधी चक्क माझाच, पुढे कधीतरी होणारा.

बायको हॉस्पिटलमध्ये नर्स आहे. एकदा शिफ्टवरून आली आणि कोटासकट माझ्या मागे उभी राहून तिने ते पाहिलं.

"त्यांना माहीत होतं?"

"संमतीच्या फॉर्मवर सही आहे त्यांची."

"मी ते विचारलं नाही. आमच्याकडे रक्त घ्यायचं तरी आधी विचारतो बाबा. तू तर न विचारताच काढून आणलंस."

दुसऱ्या दिवशी मी त्या बाईंना फोन करून सगळं सांगितलं.

"मी कशी दिसते त्यात?"

"दमलेल्या दिसता."

"मग पुसून टाका. ते कुणाला दाखवायचं नव्हतं."

दोन दिवसांनी मी 'पुसलं' म्हणून कळवलं. ते खोटं होतं. फिल्ममधून काढलं होतं, पण मूळ फाइल ठेवली होती. असं दृश्य पुन्हा मिळत नाही, म्हणून. दुपारी ती उघडायची आणि त्यांच्या खोलीत जाऊन बसल्यासारखं बसायचं, अशी सवयच लागली होती.

महिन्याभराने ती खरंच पुसली आणि पुन्हा फोन केला.

"पण ते तर तुम्ही मागेच पुसलंत ना?"

"तेव्हा खोटं बोललो होतो."

"आणि आज?"

"आज खरं."

"ते मी कशावरून समजू?"

आवाजात राग नव्हता. वर्गातल्या मुलाला विचारावं तसं विचारलं त्यांनी, आणि उत्तराची वाट पाहत थांबल्या. दाखवायला माझ्याकडे आता काहीच उरलं नव्हतं.