शनिवारची चित्रं आणि बेरिल वॉर्डल

इंग्लंडातल्या बर्स्लेम गावात नॉर्मन वॉर्डलला ओळखत नाही असा माणूस सापडणं कठीण होतं, आणि बेरिल वॉर्डलला ओळखणारा सापडणं त्याहून कठीण. नॉर्मन बसचा इन्स्पेक्टर. गणवेश कडक, मिशी त्याहून कडक. तिकीट हरवलेल्या म्हातारीलाही भर पावसात खाली उतरवेल आणि वर तिला नियम वाचून दाखवेल, असा माणूस. बेरिल त्याची बायको, एवढीच तिची ओळख. ती चिनीमातीच्या कारखान्यात बशांवर गुलाबाचे छाप चिकटवायची. मूलबाळ नव्हतं. बायका तिच्याबद्दल बोलायच्या तेव्हा ‘नॉर्मनची ती’ म्हणायच्या, आणि तेवढ्यावर विषय संपायचा.

शनिवारी संध्याकाळी टीव्हीवर चित्रांच्या कोड्यांचा खेळ लागायचा. पडद्यावर एक हलतं चित्र उमटायचं, त्यात एखादा रोजच्या बोलण्यातला वाक्प्रचार लपलेला असायचा, आणि दोघा स्पर्धकांपैकी जो आधी बटण दाबून तो ओळखेल त्याला गुण. सगळा देश मांडीवर चहा-सँडविच घेऊन तो बघायचा आणि सगळा देश पडद्यावर ओरडायचा. पण नॉर्मनसारखं कुणी ओरडत नसेल. चित्र पुरतं उमटायच्या आत तो एक उत्तर फेकायचा, मग दुसरं, मग तिसरं, चौथं. खरं उत्तर आलं की खुर्चीच्या हातावर थाप मारून विचारायचा, ‘म्हटलं नव्हतं मी?’ आणि बेरिल म्हणायची, ‘म्हणालास की.’

त्याने म्हटलेलं नसायचं. कधीमधी चारांतलं एखादं लागून जायचं, एरवी चारही हुकायची. पण हुकलेली उत्तरं नॉर्मनच्या डोक्यात राहतच नसत. बरोबर उत्तर कानावर पडलं की ते आपणच दिलं होतं अशी त्याची प्रामाणिक खात्री होऊन जायची, आणि त्या खात्रीवर दर शनिवारी बायकोची मोहोर उठायची.

बेरिलने सुरुवातीला एकदा त्याच्या आधी उत्तर दिलं होतं. नणंद चहाला आलेली, चित्र सोपं होतं, तिच्या तोंडून निघून गेलं, आणि ते बरोबर निघालं. नॉर्मनने उठून टीव्ही बंद केला आणि बुधवारपर्यंत तो तिच्याशी चकार शब्द बोलला नाही. जेवण मात्र वेळेवर मागायचा, टेबलावर बोटं वाजवून. त्यानंतर बेरिलने तोंड मिटलं ते मिटलंच. गावच्या क्लबात चार लोकांत नॉर्मन सांगायचा, ‘आमच्या बेरिलला चित्रात घोडा दिसला ना, की ती म्हणते घोडा.’ लोक हसायचे. बेरिलही हसायची, कारण न हसण्याची शिक्षा घरी असायची.

पुढे त्याने त्या खेळात जायचं ठरवलं. बर्मिंगहॅमला चाचणी झाली आणि त्याला घेतलं. टीव्हीवाल्यांना मोठा आवाज लागतो आणि मिशी असली तर सोन्याहून पिवळं; डोकं असलंच पाहिजे असं नाही. शरद ऋतूत चित्रीकरण झालं. स्पर्धकांच्या घरच्यांना पुढच्या रांगांत बसवलं होतं, तिथे बेरिल होती, आपल्या एकुलत्या एका बऱ्या कोटात.

पहिल्या चित्रात एक गाडी होती आणि घोडा गाडीच्या मागे जुंपलेला होता. नॉर्मनने बटणावर मूठ आदळली. ‘उशिरा येणारी गाडी!’

सूत्रधार गोड हसला. ‘नाही, नॉर्मन. ते नाही.’

दुसऱ्या चित्रात गवताची गंजी होती आणि आत कुठेतरी सुई चमकत होती. नॉर्मन म्हणाला, शेतकऱ्याची बायको शिवणकाम करते. ‘नाही, नॉर्मन.’ शेजारी उभी असलेली कार्डिफची नर्स घाई करत नव्हती. नॉर्मन चुकेपर्यंत थांबायची, मग हलकेच बटण दाबून ‘घोड्याआधी गाडी’, ‘गंजीतली सुई’ अशी बरोबर उत्तरं द्यायची. घरी एका चित्राला चार उत्तरं चालायची. इथे एक चुकलं की पाळी समोरच्याची. हे त्याला कुणी सांगितलं नव्हतं असं नाही, ते आपल्यालाही लागू होतं हेच त्याला पटलं नव्हतं. दर चुकीनंतर तो सवयीने प्रेक्षकांच्या अंधारात बघायचा. त्या अंधारातून ‘म्हणालास की’ ऐकू येत नव्हतं.

नॉर्मनला तोंडावर ‘नाही’ म्हणणारा माणूस बेरिलने आयुष्यात पहिल्यांदा बघितला. त्या माणसाचं काहीही वाकडं झालं नाही. उलट लोकांनी त्याला टाळ्या दिल्या.

शेवटी नर्सच्या पारड्यात सगळं गेलं आणि नॉर्मनच्या नावापुढे शून्य राहिलं. परतीच्या गाडीत तो खिडकीकडे तोंड करून बसला होता. मग म्हणाला, ‘तू मला सांगत होतीस. इतकी वर्षं सांगत होतीस की मी बरोबर आहे.’

‘हो,’ बेरिल म्हणाली.

‘मुद्दाम?’

बेरिलने अंड्याच्या सँडविचचा कागद उलगडला आणि अर्धं त्याच्यापुढे धरलं. त्याने ते घेतलं नाही. कुणापाशी तोंड उघडलंस तर गाठ माझ्याशी आहे, एवढं सांगून तो पुन्हा खिडकीकडे वळला.

नॉर्मनचं नशीब असं, की कार्यक्रम वसंतात दाखवला जाणार होता आणि तोवर निकाल फोडायला स्पर्धकांना सक्त मनाई होती. ही मनाई त्याला फारच मानवली. क्लबात कुणी विचारलं की तो मिशीवर हात फिरवून म्हणायचा, ‘सांगायची बंदी आहे, राव,’ आणि डोळा मिचकावायचा. खोटं एक अक्षर बोलला नाही. गावाने आपलं आपणच ठरवून टाकलं की नॉर्मन मोटार जिंकला, सहल जिंकला, बहुतेक दोन्ही जिंकला. क्लबाच्या प्रश्नमंजुषा संघाचं कप्तानपद रिकामं झालं तेव्हा एकसाथ हात वर झाले. बसच्या नोकरीत त्याला लोक भ्यायचे. आता पहिल्यांदाच मानायला लागले. त्याला ते जन्मभर हवं होतं, आणि ते सगळं एका शनिवारी धुळीला मिळणार हे फक्त दोघांना ठाऊक होतं.

घरी मात्र त्याने नवा खेळ काढला. शनिवारी तो आता ओरडायचा नाही. चित्र आलं की बेरिलकडे बोट करायचा, तिने उत्तर द्यायचंच. तिने दिलं की सूत्रधारासारखं गोड हसून म्हणायचा, ‘नाही, बेरिल. ते नाही.’ उत्तर चुकलं तरी हेच, बरोबर आलं तरी हेच. पडद्यावरचा माणूस तेच उत्तर मोठ्याने वाचत असायचा आणि नॉर्मन तिच्या डोळ्यांत बघून मान हलवत असायचा. अख्खा हिवाळा हे चाललं. मारझोड करणारे नवरे त्या गल्लीत होते, त्यांच्या बायकांना शेजारी बर्फाचा फडका तरी आणून द्यायचे. बेरिलने कुणाकडे काय मागायचं होतं?

नॉर्मनने बेतही करून ठेवला होता. तारीख कळली की क्लबात एक आठवडा पुढची खोटीच सांगायची, आणि त्या शनिवारी बायकोला घेऊन गुपचूप ऱ्हिलला समुद्रकाठी निघून जायचं. चुकून ज्यांनी बघितलं ते बघतील, परत येईपर्यंत विसरतील. बेत वाईट नव्हता. त्यात उणीव इतकीच होती की दुपारी घरातला फोन बेरिल घ्यायची.

टीव्ही कंपनीतली मुलगी फोनवर फार आदबीने बोलली. पुढच्याच्या पुढच्या शनिवारी लागणार. मिस्टर वॉर्डलना सांगाल ना? सांगते की, बेरिल म्हणाली. तिने फोन ठेवला, कोट चढवला आणि क्लबाचा सेक्रेटरी रेग शेंटन याच्या घरी गेली. रेग कामावर होता, त्याची बायको पेगी घरी होती. नॉर्मनला चकित करायचंय, बेरिल म्हणाली. त्याला तारीख कळू द्यायची नाही, कप्तानाचा सत्कार म्हणून बोलवायचं आणि सगळ्यांनी मिळून बघायचं. पेगीने तिला मिठीच मारली. ‘किती गं जीव तुझा त्याच्यावर,’ म्हणाली.

त्या शनिवारी क्लबाचा हॉल भरला होता. लांब टेबलावर ओटच्या पिठाचे, चीज घातलेले ओटकेक, पोर्कपाय, व्हिनेगरमधले कांदे, काचेच्या मोठ्या भांड्यात केक-कस्टर्डच्या थरांचं ट्रायफल. व्यासपीठावर एक भलामोठा टीव्ही, त्याच्यासमोर एकच खुर्ची. नॉर्मन आला तो नव्या टायमध्ये, हात हलवत, सत्काराला निघालेल्या माणसाने यावं तसाच. रेगने त्याला खुर्चीत बसवलं, हातात ग्लास दिला. ‘बस, लेका. आज तुझाच दिवस आहे.’ आणि टीव्ही लावला.

सुरुवातीचं संगीत वाजलं आणि नॉर्मनचा ग्लास तोंडाशी पोचायच्या आत थांबला. त्याने वळून बघितलं. बेरिल तिसऱ्या रांगेत बसली होती, हात मांडीवर ठेवून. त्याचा चेहरा खडूसारखा पांढरा पडला, आणि बेरिलने तो डोळे भरून बघून घेतला. लिहायला बरं वाटत नाही, पण खरं ते खरं: तिला फार समाधान झालं. एवढ्यासाठीच तर तिने ओटकेक भाजले होते.

‘बंद कर ते, रेग,’ नॉर्मन उठत म्हणाला. ‘उगाच कशाला.’ लोकांना वाटलं, लाजतोय. चार हातांनी त्याला परत खुर्चीत दाबलं.

उशिरा येणाऱ्या गाडीला हॉल खो खो हसला; पहिलंच चित्र, गडी गडबडला असेल. शेतकऱ्याच्या बायकोला हसणारे निम्मे उरले. तिसऱ्या चित्राला नॉर्मनने पुन्हा मूठ आदळली, सूत्रधार पुन्हा ‘नाही, नॉर्मन’ म्हणाला, आणि हॉलमध्ये कुणी खोकलंसुद्धा नाही. नॉर्मन खुर्चीत आक्रसत चालला होता. पडद्यावरच्या नॉर्मनने अंधारात बघितलं, आणि तो कुणाकडे बघतोय हे दाखवायला कॅमेराही तिकडे वळला.

पडदाभर बेरिल हसत होती.

साधंसुधं हसू नव्हतं ते. तोंड उघडं, बाजूचा पडलेला दात दिसतोय, गालांवरून पाणी वाहतंय, आणि ती शेजारच्या अनोळखी बाईच्या गुडघ्यावर थापा मारतेय. आपण हसलो होतो हे बेरिलला आठवत होतं. अंधार आहे, कोण बघतंय, असं वाटलं होतं. टीव्हीवाल्यांना मात्र तो चेहरा भारीच आवडला असावा. पुढच्या प्रत्येक चुकीनंतर त्यांनी तोच दाखवला.

नॉर्मनकडे आता कुणी बघत नव्हतं. पहिल्या रांगेतली डोकी मागे वळली, मग दुसऱ्या रांगेतली. रेगने टीव्ही बंद केला. मागून एक म्हातारी पुटपुटली, ‘स्वतःच्या नवऱ्याला, बाई.’

पेगीला सगळ्यात आधी कळलं. ‘म्हणजे तुला ठाऊक होतं तो हरला ते,’ ती म्हणाली. ‘आणि आम्हाला याच्यासाठी गोळा केलंस?’

बेरिलला सांगायचं होतं. बुधवारपर्यंतचं मौन, टेबलावरची बोटं, अख्ख्या हिवाळ्याचं ‘नाही, बेरिल’. पण सांगायला घेतल्यावर यातलं काय मोठं वाटलं असतं? नवरा टीव्ही बघताना मान हलवतो, हे काय गाऱ्हाणं झालं? ती म्हणाली, ‘तुम्हाला माहीत नाही तो घरी कसा असतो.’ हॉलमध्ये कुणीतरी तुच्छतेने हसलं. समोर खुर्चीत एक घाम फुटलेला, खांदे पाडलेला म्हातारा होत चाललेला माणूस बसला होता. कसा असतो ते सगळ्यांना दिसतच होतं.

नॉर्मनला चित्रं ओळखता येत नव्हती, पण भरलेली बस त्याला एका नजरेत ओळखता यायची. गर्दी कुणाच्या बाजूची आणि कुणावर उलटलेली, यात त्याची आयुष्यभरात चूक झाली नव्हती. तो सावकाश उठला, तिसऱ्या रांगेपाशी आला आणि बेरिलच्या खांद्यावर हात ठेवला.

‘कुणी बोलू नका तिला,’ तो म्हणाला. आवाज अगदी मऊ होता. ‘मूल तिला झालं नाही. ते दुःख कुठेतरी बाहेर पडणारच ना, बिचारीचं. माझ्यावर हसून बरं वाटत असेल तर हसू दे. मी सोसेन.’

दोन-चार बायकांनी डोळ्यांना रुमाल लावले. फार वर्षांपूर्वी डॉक्टरांनी दोघांनाही तपासलं होतं. दोष नॉर्मनमध्ये निघाला होता, आणि गावात काय सांगायचं असं त्याने विचारलं तेव्हा बेरिलच म्हणाली होती, माझं नाव सांग. त्या दिवशी तो तिच्या कुशीत रडला होता. बेरिलने मान वर करून त्याच्याकडे बघितलं आणि तोंड उघडलं. सगळा हॉल तिच्या तोंडाकडे बघत होता. तेच तोंड, पडदाभर उघडलेलं, त्यांनी नुकतंच बघितलं होतं. त्यातून आता जे निघेल त्यावर कोण विश्वास ठेवणार होतं? खांद्यावरच्या हाताने हलकेच दाब दिला. तिने तोंड मिटलं.

‘माफी माग त्याची, बेरिल,’ पेगी म्हणाली. ‘एवढं तरी कर.’

बेरिल उभी राहिली. ‘चुकलं माझं,’ ती म्हणाली.

नॉर्मनने एकदा सगळ्या हॉलकडे बघितलं, मग तिच्याकडे. ‘मोठ्याने म्हण, राणी,’ तो म्हणाला. ‘मागच्यांना ऐकू नाही गेलं.’

तिने मोठ्याने म्हटलं.